भुजलीचं नाव

भंडाऱ्याच्या कोर्टाच्या त्या मजल्यावर बाकं तीन, पण पंख्याखाली येणारं बाक एकच. त्यामुळे ज्यानं तक्रार केली तो आणि ज्याच्यावर झाली तो, दोघंही घाम पुसत शेवटी त्याच बाकावर येऊन टेकतात. कायदा काय म्हणायचं ते म्हणो, उकाड्यापुढे त्याचंही चालत नाही.

शकुनबाई भुरे तिथं आधी येऊन बसली होती. आंबागडच्या किल्ल्याच्या अलीकडे मोहटोला म्हणून गाव, तिथून पहिल्या गाडीनं तुमसर आणि तुमसरहून भंडारा, असा तिचा सकाळपासूनचा प्रवास. एका बाजूला नवरा टिकाराम, दुसऱ्या बाजूला लेक खुशबू. आज शकुनबाईची साक्ष होती. तोंडात शब्द फिरवून फिरवून तिची जीभ कोरडी पडली होती.

तेवढ्यात जिन्यावरून हर्षा हेडाऊ वर आली. मोहटोल्याची ग्रामसेविका, सध्या निलंबित, आणि या खटल्यात आरोपी. तिनं तिन्ही बाकांकडं पाहिलं, मग पंख्याकडं पाहिलं आणि टिकारामला म्हणाली, "भाऊजी, जरा सरका."

टिकाराम सरकला. ही बाई आली की सरकायचं, याची त्याला वर्षानुवर्षांची सवय.

"गाडीत जागा भेटली का व, भुजली?" हर्षानं विचारलं.

"भेटली. तुमसरपासून."

"माय!" खुशबू दबक्या आवाजात खेकसली. "आपल्या वकील गुंजन मॅडमनं सांगतलं ना, तिच्यासंगं बोलायचं नाही म्हणून?"

"बोलून नाही राहिली मी," शकुनबाई म्हणाली. "सांगून राहिली."

ज्यांना भुजली ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगायला हवं. राखीच्या आधी त्या भागातल्या बाया टोपलीत माती घेऊन गहू पेरतात आणि टोपली अंधाऱ्या खोलीत ठेवतात. ऊन न लागलेले ते कोंब पिवळेधमक वाढतात. तीच भुजली. राखीच्या दुसऱ्या दिवशी टोपल्या डोक्यावर घेऊन, गात गात तलावावर जायचं, माती पाण्यात सोडायची आणि हातात राहिलेले कोंब एकमेकींच्या कानावर खोचायचे. ज्या दोघींनी मनापासून खोचले, त्या एकमेकींच्या भुजली झाल्या. मग जात वेगळी असो, गाव वेगळं असो, सोयरीक पक्की. तिच्या घरच्या लग्नात आहेर आपला, तिच्या घरच्या मौतीत रडणं आपलं. आणि त्या दिवसापासून एकमेकींचं नाव तोंडातून काढायचं नाही. भुजली म्हणायचं. नाव घेतलं तर नातं तुटतं, आणि जुन्या बाया म्हणतात, जिचं नाव घेतलं तिच्या लेकराला ते बाधतं.

हर्षा पहिल्यांदा मोहटोल्यात आली तेव्हा नवी नवी नोकरी होती. भंडाऱ्यातल्या कोष्ट्याची पोर, घरात मागाची खटखट ऐकत वाढलेली. मोहटोल्याच्या सामसुमीनं तिला झोप येईना. राहायला जागा नव्हती म्हणून शकुनबाईनं आपल्या मातीच्या घराची ओसरीकडची खोली दिली. त्याच वर्षी तलावाच्या पारीवर, म्हणजे बांधावर, हर्षानं हौसेनं शकुनबाईच्या कानावर कोंब खोचला. शहरातल्या पोरीची गंमत असेल, असं गावाला वाटलं. पण हर्षानं ती निभावली. खुशबू लहान असताना तिला ताप डोक्यात गेला, तर हर्षानंच तिला पोटाशी बांधून स्कूटीवर तुमसरला नेलं. हर्षाची तेजस्विनी झाली तेव्हा बाळंतिणीचं अंग चोळायला शकुनबाई भंडाऱ्यात जाऊन राहिली. मधे हर्षाची दुसरीकडे बदली झाली, तरी भुजलीच्या दिवशी ती टोपली घेऊन मोहटोल्याच्या तलावावर हजर. आणि मग बदली होऊन ती परत मोहटोल्यातच आली, तेव्हा शकुनबाईनं तिला साखर खाऊ घातली होती.

घरकुल मंजूर झालं ते त्याच साली. मातीचं घर पाडलं, ओसरीची खोलीही गेली. विटांच्या भिंती दारांच्या चौकटींवर आल्या आणि पुढचा हप्ता अडला. ताडपत्रीखाली चूल, ताडपत्रीखाली खाट. टिकाराम पंचायतीत खेटे घालून दमला. शेवटी एक दिवस हर्षा स्वतःच आली, विटांच्या ढिगावर बसली, चहा प्याली. जिथं बसली होती तिथंच पूर्वी तिची खाट असायची.

"वरपर्यंत द्यावं लागते व, भुजली," ती म्हणाली. "माह्या हातात काही नाही. दुसऱ्याकडून तं याच्या दुप्पट घेतो आम्ही. तू भुजली आहेस म्हणून तुह्यासाठी कमी केलं."

शकुनबाईला राग आला तो यामुळेच, हे पुढं कोणाला पटलं नाही. मागितले म्हणून आला असता तर तो साऱ्या गावालाच यायला हवा होता. सारं गाव देतच होतं. तिला राग आला तो सवलतीचा. इतक्या वर्षांच्या नात्याची किंमत काय, तर अर्धी सूट. पातळाच्या दुकानात देतात तशी.

ती खुशबूला घेऊन लाचलुचपतवाल्यांकडं गेली. तिथल्या साहेबानं विचारलं, "पैसे कोणी मागितले? नाव सांगा." शकुनबाई गप्प. साहेबाला वाटलं, बाई भ्याली. नाव खुशबूनं सांगितलं, गाव खुशबूनं सांगितलं, आणि शकुनबाईनं खाली सही केली.

हर्षानं सांगितलं होतं, भुजलीच्या दिवशी गावात येतेच आहे मी, तेव्हा दे. साहेबानं पावडर लावलेल्या नोटा शकुनबाईकडं दिल्या आणि बजावलं, हातात द्यायच्या. हातातच. म्हणजे पावडर बोटांना लागते, आणि सोड्याच्या पाण्यात बोटं बुडवली की पाणी गुलाबी होतं. शकुनबाईनं मान हलवली. पण पंचायतीच्या मागच्या खोलीत हर्षा समोर आली ती नव्या कोसा रेशमाच्या पातळात, कानावर कोंब खोचून. भुजलीच्या दिवशी भुजली समोर उभी, आणि तिच्या हातावर नुसता पैसा ठेवायचा? शकुनबाईनं आधी तिला हळद लावली, कुंकू लावलं. मग तिनं पसरलेल्या पदरात ओंजळभर तांदूळ घातले, हळकुंड घातलं, नारळ ठेवला आणि त्यावर नोटा. हर्षानं ओटी कमरेला खोचली. बाहेर पानठेल्याशी उभी असलेली साहेबाची माणसं आत धावली.

हर्षाचे हात सोड्याच्या पाण्यात बुडवले. पाणी होतं तसंच राहिलं. पदर बुडवला तर लालभडक झालं. साहेब खूश झाला, पण त्याच्यासोबतच्या पोलीसबाईनं हळूच सांगितलं, "सर, सोड्यात हळदही लाल होते." साहेबानं कपाळाला हात लावला.

शकुनबाईनं हे मुद्दाम केलं की सवयीनं झालं? खुशबूनं तिला खूपदा विचारलं होतं. तिनं स्वतःलाही विचारून पाहिलं होतं.

सकाळच्या साक्षीत सरकारी वकील गुंजन मॅडमनं तिच्याकडून सगळं काढून घेतलं. पैसे मागितले का? हाव. कोणी? "भुजलीनं." भुजली म्हणजे कोण? शकुनबाईनं बोट दाखवलं, आणि न्यायाधीशांनी "साक्षीदार आरोपीकडे निर्देश करते" असं टंकलेखिकेला सांगितलं. तेवढ्यात जेवणाची सुट्टी झाली. हर्षाच्या वकिलाची उलटतपासणी दुपारी.

बाहेर आल्यावर गुंजन मॅडम म्हणाल्या, "बाई, आता नीट ऐका. पैसे पदरात सापडले हे ते नाकारतच नाहीत. प्रयोगशाळेनं पावडर शोधून काढलीय, त्यालाही त्यांची हरकत नाही. त्यांचं म्हणणं एवढंच, की ते ओटीचे पैसे होते. मागितले नव्हते, तुम्ही प्रेमानं दिले. आणि तक्रार तुमची नव्हतीच, मुलीनं रचली. पंचायतीत कॉम्प्युटरवर बसायची नोकरी तिला मिळाली नाही म्हणून. समजलं ना? तुम्ही डळमळलात तर मुलगी खोटी ठरेल."

खुशबू भिंतीकडं तोंड करून उभी होती. नोकरीचा अर्ज तिनं केला होता, हे खरंच होतं. खऱ्या गोष्टीची काडी घेऊन खोट्याचं छप्पर शिवायला वकिलांना कोण शिकवतं, देव जाणे.

टिकाराम शिदोरी सोडता सोडता पुटपुटला, "मी तं म्हणतो, हाव म्हणजो अन् मोकळी हो. ओटीचे होते म्हणायचं. दुसरी बरसात गेली ताडपत्रीत. हप्ता विचाराले गेलो की म्हणते, चौकशी चालू आहे. गावातले लोकबी म्हणून राहिले, मिटवून टाका."

"गावातल्या लोकांनी दुप्पट देल्ले ना," शकुनबाई म्हणाली. "त्याइचं काय मिटवू?"

"ते मागाले आले का तुह्याकडं?"

 टिकाराम आणि खुशबू खाली नळावर पाणी आणायला गेले तेव्हा ती बाकावर एकटीच राहिली. हर्षा दुसऱ्या टोकाला बसून होती. मधे टिकारामच्या शिदोरीचं फडकं.

"खाल्लं का काही?" न राहवून शकुनबाईनं विचारलं.

"नाही गेलं." हर्षा पंख्याकडं पाहत म्हणाली. मग, "तेजूले सातवा लागला."

शकुनबाईचा हात पदराशी थांबला. ज्या पोरीचं पहिलं न्हाणं तिनं केलं होतं, तिला सातवा.

"बरी आहे ना?"

"पाय सुजतात. डॉक्टर म्हणते, चिंता करू देऊ नका." हर्षा हसली. "घरात चिंतेशिवाय दुसरं आहे काय? तिच्या सासूनं तं बोलणंच टाकलं. चोराची पोरगी म्हणते."

शकुनबाईनं तिच्याकडं पाहिलं. डोळ्यांखाली काळं आलं होतं, केसांत पांढरं. ही बातमी मैत्रिणीनं मैत्रिणीला सांगितली, की आरोपीनं साक्षीदाराला? पूर्वी हिच्या चेहऱ्यावरून तिला हिच्या पोटातली भूक कळायची. आता काहीच कळेना. आणि हे न कळणंच तिला साऱ्यात जास्त लागलं.

"पायाले मोहरीचं तेल लाव म्हणा," ती म्हणाली. "कोमट करून."

"सांगते."

पुकारा झाला.

हर्षाचे वकील कुंदनबाबू मोठे गोड माणूस. आवाज चढवायचा नाही, साक्षीदाराला बाई नाही तर ताई म्हणायचं. शकुनबाई पिंजऱ्यात उभी राहिली तर त्यांनी आधी तिच्यासाठी खुर्ची मागवली.

"ताई, तुम्ही आणि आरोपी भुजली आहात?"

"हाव."

"भुजलीची ओटी भरतात?"

"भरतात."

"ओटीत पैसे घालतात?"

"ऐपतीपरमानं."

"तुमच्याकडच्या लग्नात, बारशात आरोपीनं तुम्हाला आहेर केलाय? पातळ, भांडी, पैसे?"

"लय केला."

"त्याला तुम्ही लाच म्हणाल?"

"नाही म्हणणार. कोण म्हणंल?"

"त्या दिवशी तुम्ही हळद-कुंकू लावून, तांदूळ-नारळ घालून, रीतसर ओटी भरली. हातात पैसे दिलेच नाहीत. खरं?"

"खरं."

गुंजन मॅडमनं पेन खाली ठेवलं. मागच्या बाकावर टिकाराम मान डोलवत होता, जणू मळणी सुरळीत चाललीय. खुशबू मात्र खाली पाहत होती.

"तक्रारीत आरोपीचं नाव आहे. ते तुम्ही सांगितलंत?"

"नाही. पोरीनं सांगतलं."

"तुम्ही का नाही सांगितलं?"

"भुजलीचं नाव घेत नाहीत."

"बरोबर." कुंदनबाबू न्यायाधीशांकडं वळले, मग परत तिच्याकडं. "नातं तुटलं तरच नाव घेतात ना? म्हणजे त्या दिवशी नातं शाबूत होतं. आज सकाळीही तुम्ही या कोर्टात भुजलीच म्हणालात. मग ताई, आता एवढंच सांगा. आरोपी आजही तुमची भुजली आहे ना?"

गुंजन मॅडम उठल्या, या प्रश्नाचा खटल्याशी काय संबंध म्हणाल्या. न्यायाधीश म्हणाले, "उत्तर देऊ द्या."

शकुनबाईनं पाणी मागितलं. पाणी येईपर्यंत तिला थोडी सवड मिळाली. हाव म्हटलं की हर्षा सुटायला आली, तेजूची सासू बोलायला लागली, टिकारामचा जीव भांड्यात पडला. आणि खुशबू खोटी. ज्या पोरीनं आईच्या तोंडचं अडलेलं नाव आपल्या तोंडानं घेतलं, ती जन्मभर खोटारडी म्हणून गावात फिरणार. नाही म्हणावं, तर ते खोटं. अर्ध्या घटकेपूर्वी तेलाची गोष्ट जिच्याशी केली ती कोण मग? तिला तलाव आठवला. पाण्यात सोडलेली माती आणि हातात उरलेले पिवळे कोंब. सात महिन्यांचं पोट आठवलं. जुन्या बायांचं खरं असेल तर? खरं नसेलही. पण आपल्या तोंडानं पारखून पाहायची ही गोष्ट आहे का?

ती पाणी प्याली. पेला नीट खाली ठेवला.

"साहेब," ती न्यायाधीशांकडं पाहून म्हणाली, "भुजलीनं मले कधी काही मागितलं नाही. माह्या घरी राहत होती तं उपाशी बसंल, पण भाकर मागत नव्हती. तोंड पाहून मलेच वाढा लागे. भुजलीची मी ओटी भरली. तिची ओटी रिकामी कशी ठेवू मी? हातात द्या म्हणून साहेबानं सांगतलं होतं, माह्यानं झालं नाही. ते माही चूक."

कुंदनबाबू हसले आणि खाली बसायला वाकले.

"पण पैसे मागितले ते भुजलीनं नाही मागितले." शकुनबाई पुढं म्हणाली. "इटाच्या ढिगावर बसून, माह्या घरचा चहा पिऊन, तुले कमी केलं म्हणून जिनं मागितले, ते ग्रामसेविकाबाई होती. हर्षाबाई. हर्षा हेडाऊ."

भातात खडा लागावा तसं ते नाव तिच्या दाताखाली वाजलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

नाव घेतलं की माणूस वर पाहतंच. आरोपीच्या जागी बसलेल्या हर्षानं वर पाहिलं. रागानं नाही. वर्गात हजेरी घेताना पोर पाहतं तसं, ओ द्यायला. आणि मग तिला समजलं की कोणी हाक मारली. तिनं तोंडावर पदर धरला.

टंकलेखिकेचा हात चालत होता. न्यायाधीशांनी सावकाश वाक्य पुरं सांगितलं, ग्रामसेविका आणि भुजली या दोन्ही शब्दांसकट. कुंदनबाबूंनी आणखी काही विचारलं, नोकरीच्या अर्जाचं, टिकारामच्या स्वभावाचं. शकुनबाईनं जे होतं ते सांगितलं. तिला आता काही राखून ठेवायचं उरलं नव्हतं.

बाहेर गुंजन मॅडम म्हणाल्या, "पैशांची मागणी नोंदीत आली, बरं झालं. पण हातात दिले नाहीत हेही तुम्ही कबूल केलं. बघू या. अजून साक्षी आहेत, निकालाला वेळ लागेल." त्यांना बरं वाटलं की वाईट, त्यांच्या तोंडावरून समजलं नाही. त्यांना पुढच्या खटल्याची घाई होती.

खुशबू आईच्या दंडाला धरून उभी राहिली. "माय, तू नाव घेतलंस ना—"

"गप बस," शकुनबाई म्हणाली. "आनंदाची गोष्ट नव्हे ते."

तिला बसावंसं वाटत होतं. ती पंख्याखालच्या बाकावर टेकली. टिकारामनं फडक्यात उरलेली भाकर बांधली, सोडली, परत बांधली. 

हर्षा बाहेर आली. वकिलाशी दोन शब्द बोलली. मग जिन्याकडं निघाली, ती बाकाजवळून. टिकारामनं तिला येताना पाहिलं आणि सवयीनं सरकला. पंख्याच्या बरोबर खाली एक माणूस बसेल एवढी जागा झाली.

हर्षा थांबली. जागेकडं पाहिलं. शकुनबाईला वाटलं, बसेल. काहीतरी बोलेल, शिवी तरी देईल. तिनं स्वतः तोंड उघडलं, तेजूचं विचारावं म्हणून, आणि तिच्या ध्यानात आलं की आता हिला हाक काय मारायची तेच आपल्याजवळ नाही. भुजली म्हणता येत नव्हतं. हर्षाबाई हे नाव तर कोर्टाचं झालं.

"शकुनबाई," हर्षा म्हणाली. हे नावही या तोंडून पहिल्यांदाच आलं, आणि किती साफ आलं. "उशीर नका करू. तुमसरची गाडी चुकंल तुमची."

तुमची.

"हो," शकुनबाई म्हणाली.

हर्षा कठड्याला धरून एकेक पायरी उतरत गेली. टिकाराम मात्र बराच वेळ तसाच, कडेला सरकून बसून राहिला.